एक लिहिलेलं पुस्तक, एक न लिहिलेलं

१९५२ च्या जुलैत हेलसिंकीच्या ऑलिम्पिकमध्ये कराडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव ५७ किलो गटाच्या फ्रीस्टाइल कुस्तीत तिसरे आले आणि स्वतंत्र भारताला पहिलं वैयक्तिक पदक मिळालं. त्याच वर्षी मद्रासमध्ये, म्हणजे आजच्या चेन्नईत, हॉकीचे जादूगार ध्यानचंद यांचं ‘गोल’ हे इंग्रजी आत्मचरित्र छापून बाहेर पडलं. ते काढलं होतं ‘स्पोर्ट अँड पास्टाइम’नं, म्हणजे ‘द हिंदू’च्या घरातल्या, खेळांना वाहिलेल्या साप्ताहिकानं. या दोन घटनांचा एकमेकींशी तसा काही संबंध नाही. पण त्या शेजारी शेजारी ठेवून पाहिल्या की एक गोष्ट लख्ख दिसते. ध्यानचंदांनी तीन ऑलिम्पिकमध्ये काय पाहिलं, काय सोसलं हे आपल्याला त्यांच्याच तोंडून कळतं. खाशाबांनी हेलसिंकीत काय सोसलं हे मात्र आपण इतरांकडून ऐकतो. त्यांनी स्वतः सांगितलेलं पुस्तक नाही, आणि १४ ऑगस्ट १९८४ ला रस्त्यावरच्या अपघातात ते गेले तेव्हा ते होण्याची शक्यताही संपली. हा फरक दोघांच्या कर्तृत्वातला नाही. तो त्यांच्या भोवतालच्या माणसांतला आहे. खेळाडूला लिहितं करणारं कुणीतरी मद्रासमध्ये होतं, आपल्याकडे नव्हतं. ऑलिम्पिक, आशियाई, राष्ट्रकुल अशा मोठ्या स्पर्धांना गेलेल्या आपल्या खेळाडूंची पुस्तकं मराठीत वेळेवर होत नाहीत, आणि ही हौसेची उणीव नसून खेळाडूंवर होणारा अन्याय आहे, असं माझं मत आहे.

आधी ‘गोल’कडे नीट पाहू. सोळाव्या वर्षी फौजेत शिपाई म्हणून भरती झालेला हा माणूस. स्वतःहून टेबलापाशी बसून त्यानं इंग्रजीत पुस्तक लिहिलं असतं, असं मानायला फारशी जागा नाही. मद्रासेत खेळांचं साप्ताहिक होतं, त्याला संपादक होते, छापखाना होता, पुढच्या अंकाची वाट पाहणारा वाचक होता, म्हणून ते पुस्तक झालं. त्यातून हाती काय लागतं हे बर्लिनच्या १९३६ च्या हकिगतीवरून कळतं. निकालाच्या तक्त्यात एकच ओळ आहे : अंतिम सामना, भारत ८, जर्मनी १. ती ओळ वाचून वाटतं की आपला संघ सहज जिंकला. प्रत्यक्षात बर्लिनला पोहोचल्यावर झालेल्या सरावाच्या सामन्यात याच जर्मनीनं आपल्याला ४-१ असं हरवलं होतं. कर्णधार ध्यानचंद हादरले होते, आणि दारा या खेळाडूला मदतीला पाठवा म्हणून मायदेशी निरोप गेला होता. पावसानं अंतिम सामना एक दिवस पुढे ढकलला, तो १५ ऑगस्टला खेळला गेला. मैदानात उतरण्यापूर्वी कपडे बदलायच्या खोलीत संघाचे सहाय्यक व्यवस्थापक पंकज गुप्ता यांनी काँग्रेसचा तिरंगा काढला आणि सगळ्यांनी त्याला सलाम केला. बाहेर त्या संघाच्या डोक्यावर इंग्रजी राज्याचं निशाण फडकत होतं. परक्या राज्याच्या फौजेत नोकरी करणारा कर्णधार आत तिरंग्यापुढे उभा राहतो, तो क्षण कोणत्याही अधिकृत अहवालात असणं शक्यच नव्हतं. संयोजन समितीच्या जाडजूड अहवालात वेळा असतात, अंतरं असतात, गुण असतात. बंद दाराआड काय झालं ते आतला माणूस सांगेल तेव्हाच कळतं.

या पुस्तकाचा दुसरा उपयोग आहे, आणि तो मला पहिल्याहून मोलाचा वाटतो. ध्यानचंदांभोवती दंतकथांचं रान माजलेलं आहे. हिटलरनं त्यांना जर्मन फौजेत मोठा हुद्दा देऊ केला आणि त्यांनी बाणेदारपणे नकार दिला, ही कथा शाळेच्या भाषणांपासून मोबाइलवरच्या सुविचारांपर्यंत सगळीकडे फिरते. खुद्द आत्मचरित्रात तिचा मागमूस नाही. असा प्रसंग घडला असता तर तो सांगायला १९५२ मध्ये, स्वतंत्र देशात, ध्यानचंदांना कुणाची भीती होती? पुस्तक हाताशी आहे म्हणून हा प्रश्न विचारता येतो. बर्लिनच्या अंतिम सामन्यात त्यांनी स्वतः तीन गोल केले की सहा, यावरही जाणकारांत एकमत नाही. पण तो वाद लिखित साधनांच्या आधारे चालतो, आणि उद्या एखादा जुना कागद सापडला तर तो मिटूही शकतो. ज्याच्याबद्दल लिखित काहीच नाही, त्याच्याबद्दल वाददेखील घालता येत नाही. तिथे मोठ्या आवाजात सांगणाऱ्याचं खरं ठरतं.

खाशाबांच्या बाबतीत आपण नेमके तिथे येऊन अडकतो. १९४८ ला लंडनमध्ये ते सहावे आले. लाल मातीत घडलेला पैलवान तिथे प्रथमच मॅटवर मोठी स्पर्धा खेळत होता. हेलसिंकीला जाण्यासाठी पैसे नव्हते, तेव्हा कराड-कोल्हापूरकडच्या लोकांनी वर्गणी काढली आणि कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी आपलं घर गहाण टाकून सात हजार रुपये उभे केले, असं सांगतात. जपानच्या इशीबरोबरची लांबलेली कुस्ती अगदी थोडक्यानं गेली, आणि अंग सुकायच्या आत त्यांना सोव्हिएत संघाच्या मल्लाशी लढायला उभं केलं गेलं. मधे विश्रांती मिळायला हवी होती, पण ती मागायला आपल्या पथकातलं कुणी तिथे हजर नव्हतं, असंही सांगतात. परतल्यावर शंभर-दीडशे बैलगाड्यांची मिरवणूक निघाली, असं सांगतात. या सगळ्याच्या शेवटी ‘सांगतात’ लावावं लागतं, आणि ते मला खुपतं. घर गहाण टाकणाऱ्या प्राचार्यांचं मोठेपण किंवा बैलगाड्यांची संख्या एक वेळ सोडून देऊ. पण त्या दोन कुस्त्यांच्या मधल्या वेळेचं काय? रौप्य किंवा सुवर्ण हुकलं ते ताकद कमी पडली म्हणून की नियमाची आठवण करून द्यायला आपला अधिकारी जागेवर नव्हता म्हणून, हा प्रश्न साधा नाही. तो भारतीय क्रीडा प्रशासनावरचा आरोप आहे. आरोपाला साक्षीदार लागतो. तो साक्षीदार पोलीस खात्यात नोकरी करत त्यानंतर तीन दशकांहून अधिक काळ आपल्यातच वावरत होता.

इथे संजय दुधाणे यांचं नाव आदरानं घ्यायला हवं. या क्रीडा पत्रकारानं खाशाबांचं चरित्र लिहिलं, आणि आज मराठी मुलांना खाशाबा ज्या काही प्रमाणात माहीत आहेत त्यात त्या श्रमांचा वाटा मोठा आहे. पण चरित्रनायक गेल्यानंतर काम करणाऱ्याला कुटुंबीयांच्या आठवणी, कात्रणं आणि ऐकीव माहिती यांवरच उभं राहावं लागतं. ही मर्यादा लेखकाची नाही, उशिराची आहे. १९९६ मध्ये अटलांटाला लिअँडर पेस यांनी टेनिसचं कांस्य मिळवलं, तेव्हा ४४ वर्षांनी भारताला दुसरं वैयक्तिक पदक मिळालं. त्यानंतर कुठे खाशाबांच्या नावाची चर्चा देशभर सुरू झाली आणि मरणोत्तर अर्जुन पुरस्कार मिळाला. म्हणजे त्यांची आठवण यायला दुसऱ्या कुणाचं तरी पदक लागलं. त्यांचं स्वतःचं पुस्तक बाजारात असतं तर ही वेळ आली नसती, असं छातीठोकपणे म्हणता येणार नाही. पण पुरस्काराच्या समितीपुढे एक पुस्तक ठेवणं आणि ‘आमच्या भागात असं सांगतात’ म्हणणं यात फरक आहे, हे कुणीही मान्य करील.

यावर पहिला आक्षेप येतो तो आत्मचरित्र या प्रकारावरच. खेळाडू लेखक नसतो, पुस्तक कुणीतरी दुसराच लिहितो, आणि त्यात खेळाडू स्वतःला सोयीचं तेवढंच सांगतो. आक्षेप खोटा नाही. पण दुसऱ्यानं लिहून देण्यात मराठी वाचकाला तरी काही वावगं वाटू नये. ‘शब्दांकन’ हा शब्दच आपण त्यासाठी घडवला आहे, आणि कितीतरी नटांची, गायकांची, कष्टकऱ्यांची आत्मकथनं आपल्याकडे याच वाटेनं आली. चांगला शब्दांकनकार प्रश्न विचारतो, टाळलेल्या जागेकडे पुन्हा वळवतो, तपशील पडताळून घेतो. नेमबाज अभिनव बिंद्रा यांचं ‘अ शॉट ॲट हिस्टरी’ हे २०११ चं पुस्तक रोहित ब्रिजनाथ यांच्या सोबतीनं लिहिलेलं आहे, आणि त्यात सुवर्णपदकाइतकीच अथेन्सच्या पराभवाची मीमांसा आहे. २००४ च्या त्या अंतिम फेरीत बिंद्रा सातवे आले होते. ते जिथे उभे होते तिथली फरशी सैल होती, पायाखाली किंचित हलत होती. दहा मीटरवरचा टिंबाएवढा मध्यबिंदू वेधणाऱ्या माणसाच्या पायाखालची फरशी हलणं म्हणजे काय, हे कुठल्याही बातमीत आलं नव्हतं. त्यांनी मायदेशी परतून घरच्या नेमबाजीच्या जागेत त्या हलत्या जमिनीचाही सराव केला. एवढ्या खोलात फक्त पुस्तकच जाऊ शकतं. आता त्यात सोयीचं सांगणं असेलच, तर असू द्या. सही करून केलेलं विधान खोडता येतं. निनावी आख्यायिका कुणी खोडायची आणि कशी?

खरी अडचण वेगळी आहे, आणि तिच्याकडे आपण पाहत नाही. अशी जी थोडी पुस्तकं होतात ती बहुतेक इंग्रजीत होतात. धनराज पिल्ले यांचंच बघा. पुण्याच्या खडकीत, दारूगोळा कारखान्याच्या वसाहतीत वाढलेला तमिळ घरातला हा मुलगा. चार ऑलिम्पिक, चार विश्वचषक, चार आशियाई स्पर्धा खेळला. १९९८ च्या बँकॉक आशियाई स्पर्धेत त्याच्या नेतृत्वाखाली भारतानं १९६६ नंतर प्रथमच हॉकीचं सुवर्ण जिंकलं, आणि त्या विजयानंतर लगेचच कर्णधारासह काही ज्येष्ठ खेळाडूंना संघातून वगळण्यात आलं. संदीप मिश्रा यांनी लिहिलेलं त्याचं चरित्र २००७ मध्ये आलं. नाव ‘फरगिव्ह मी अम्मा’. त्या नावातला एकच शब्द घरातला आहे, बाकीचं पुस्तक इंग्रजी. ज्या आईला उद्देशून ते नाव आहे तिची भाषा तमिळ, ज्या गल्लीत काठी हातात आली तिथली भाषा मराठी आणि हिंदी. खडकीच्या मैदानावर आज सकाळी तुटक्या स्टिकला पट्टी गुंडाळणाऱ्या पोराला हे पुस्तक हवं आहे. दिल्लीच्या दिवाणखान्यातल्या कपाटाला त्याची तेवढी गरज नाही.

मराठीला हे जमणार नाही असं म्हणणाऱ्यांना आपल्या भाषेचा इतिहास ठाऊक नाही. दत्तात्रय चिंतामण मुजुमदार यांनी बडोद्यात बसून ‘व्यायामज्ञानकोश’ काढला, दहा खंडांचा, तोही १९३० आणि १९४० च्या दशकांत. कुस्ती, मल्लखांब, लाठी, पोहणं, देशी-विदेशी खेळ, सगळं चित्रांसह. अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचं पथक १९३६ मध्ये बर्लिनला जाऊन तिथे कबड्डीसारख्या देशी खेळांची प्रात्यक्षिकं दाखवून आलं. ध्यानचंद जिथे जर्मनीशी झुंजले त्याच शहरात, त्याच उन्हाळ्यात विदर्भातली ही मुलं मैदानात उतरली होती. भारताचं पहिलं ऑलिम्पिक पथक जमलं तेच मुळी पुण्याच्या डेक्कन जिमखान्यावरच्या स्पर्धा पाहून दोराबजी टाटांनी मनावर घेतल्यामुळे. १९२० च्या अँटवर्पला गेलेल्या त्या सहा जणांत बेळगावचे फडेप्पा चौगुले होते. ते मॅरेथॉनमध्ये १९ वे आले. रणधीर शिंदे कुस्तीत चौथे आले, म्हणजे पदकापासून एका कुस्तीच्या अंतरावर. चौगुले बेळगावच्या रस्त्यांवर कसे धावत होते, बोटीच्या लांबलचक प्रवासात काय खात होते, युरोपच्या थंड पावसाळी हवेत ४२ किलोमीटरहून जास्त अंतर पळताना पायात काय होतं, हे आपल्याला त्यांच्याकडून ऐकता आलं असतं. ज्या भाषेत व्यायामाचा दहा खंडांचा कोश होतो, त्या भाषेत पहिल्या ऑलिम्पिक पथकातल्या धावपटूचं दोनशे पानांचं पुस्तक त्याच्या हयातीत व्हायला काय हरकत होती? पुढे क्रिकेटवर मराठीत भरभरून लिहिलं गेलं. संदीप पाटील यांच्या संपादनाखालचं ‘एकच षटकार’ घरोघर वाचलं जाई, द्वारकानाथ संझगिरींनी एका पिढीला क्रिकेट शब्दांतून दाखवलं. म्हणजे लेखणी होती, वाचकही होता. कमी पडली ती बाकीच्या खेळांबद्दलची आस्था.

हरलेल्यांची, चौथ्या-सहाव्या क्रमांकाची पुस्तकं कोण वाचणार, हा पुढचा प्रश्न. मला तर उलट वाटतं. जिंकलेल्याची गोष्ट कुठे ना कुठे नोंदली जातेच. न जिंकलेल्याची किंवा जिंकूनही पुसला गेलेल्याची नोंद पुस्तकाशिवाय होत नाही. तमिळनाडूतलं सगळ्यांत वेदनादायक उदाहरण शांती सौंदरराजन यांचं आहे. पुदुकोट्टई जिल्ह्यातलं खेडं, वीटभट्टीवर राबणारे आईवडील, आणि २००६ च्या डिसेंबरात दोहाच्या आशियाई स्पर्धेत ८०० मीटरमध्ये रौप्यपदक. त्यानंतर लिंगनिश्चितीची चाचणी झाली आणि पदक काढून घेतलं गेलं. आपल्या देहाविषयीची अत्यंत खाजगी गोष्ट त्यांच्या आधी जगाला कळली. अधिकृत निकालात त्यांच्या जागी आता दुसऱ्या नावाची ओळ आहे. काही वर्षांनी त्याच वीटभट्टीवर त्या काम करताना दिसल्याच्या बातम्या आल्या, आणि २०१६ मध्ये तमिळनाडू सरकारनं त्यांना प्रशिक्षक म्हणून नोकरी दिली. शांतींचं म्हणणं जगापुढे आलं ते असं तुकड्यातुकड्यानं, कुणीतरी मुलाखत घेतली तेव्हा, बातमीच्या मापात.

आता दक्षिण आफ्रिकेच्या धावपटू कॅस्टर सेमेन्या पाहा. शांतींनंतर तीन वर्षांनी, २००९ मध्ये, जवळपास तेच त्यांच्या वाट्याला आलं. पण त्यांच्यामागे त्यांचा देश उभा राहिला, वकील उभे राहिले, त्या युरोपच्या मानवाधिकार न्यायालयापर्यंत गेल्या, आणि २०२३ मध्ये ‘द रेस टू बी मायसेल्फ’ हे त्यांचं आत्मकथन आलं. आता या विषयावर बोलणाऱ्या कुणालाही, मग तो नियमांच्या बाजूचा असो की विरोधातला, त्या पुस्तकाला ओलांडून जाता येत नाही. नियम योग्य की अयोग्य हा वाद अजून चालू आहे, आणि दोन्हीकडे प्रामाणिक माणसं आहेत. पण ज्याच्या देहावर तो नियम चालवला जातो त्याचं म्हणणं सलग, त्याच्या क्रमानं, त्याच्या शब्दांत ऐकल्याशिवाय निकाल देऊ नये, एवढी अपेक्षा माफक आहे. एका पानाची मुलाखत आणि तीनशे पानांचं आत्मकथन यांत हाच फरक असतो. मुलाखतीत प्रश्न विचारणारा ठरवतो की काय महत्त्वाचं. पुस्तकात तो अधिकार सांगणाऱ्याकडे जातो.

हल्ली एक उत्तर ठरलेलं असतं : आता सिनेमा आहे, यूट्यूब आहे, पुस्तक कशाला? सिनेमाची ताकद मी नाकारत नाही. मुरलीकांत पेटकर यांनी १९६५ च्या युद्धात गोळ्या झेलल्या, १९७२ मध्ये हायडलबर्गच्या पॅरालिम्पिकमध्ये ५० मीटर फ्रीस्टाइल पोहण्यात सुवर्ण जिंकलं. २०१८ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली, पण सांगली जिल्ह्यातल्या या जलतरणपटूचं नाव घरोघर पोहोचलं ते २०२४ च्या ‘चंदू चॅम्पियन’ या चित्रपटामुळे. पुढच्याच जानेवारीत जीवनगौरवाचा अर्जुन पुरस्कारही आला. चांगलंच झालं. मात्र सिनेमाला अडीच तासांत माणूस हसवायचा असतो, रडवायचा असतो, शेवटी जिंकवायचा असतो. त्यासाठी तो प्रसंग जोडतो, पात्रं एकत्र करतो, आणि ते त्याच्या धर्माला धरूनच आहे. पण पंचवीस वर्षांनी एखाद्या अभ्यासकाला १९७२ च्या भारतीय पॅरालिम्पिक पथकाची व्यवस्था कशी होती हे जाणून घ्यायचं असेल, तर त्यानं सिनेमातल्या संवादावर किती भरवसा ठेवायचा? आणि यूट्यूबवरची चित्रफीत एका कंपनीच्या मर्जीवर असते. ‘गोल’ बाजारातून कधीच दिसेनासं झालं होतं, तरी जुन्या प्रती जपलेल्या होत्या म्हणून हॉकीप्रेमींना त्याचा मजकूर पुढे इंटरनेटवर आणता आला. कागद आधी होता.

राहिला पैशाचा प्रश्न, आणि तो खोटा नाही. मराठीत हजार प्रतींची आवृत्ती खपवताना प्रकाशकाची दमछाक होते. नेमबाजाच्या किंवा स्टीपलचेस धावणाऱ्याच्या चरित्रावर त्यानं पदरचे पैसे घालावेत, असा आग्रह धरता येणार नाही. पण हा खर्च प्रकाशकाचा आहे, असं कुणी ठरवलं? नेमबाज स्वप्नील कुसाळे यांनी पॅरिसमध्ये पदक जिंकल्याबरोबर राज्य सरकारनं एक कोटी रुपयांचं बक्षीस जाहीर केलं. ते योग्यच होतं, खेळाडूला पैसा मिळायलाच हवा. त्या रकमेच्या अगदी लहानशा हिश्शात एका पुस्तकाचं शब्दांकन, संपादन आणि छपाई होऊन प्रत्येक तालुक्याच्या वाचनालयात प्रत पोहोचू शकते. महाराष्ट्र राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळ अस्तित्वात आहे, त्याची ‘महाराष्ट्राचे शिल्पकार’ ही चरित्रमाला आहे, स्वस्त किमतीत पुस्तकं देण्याची त्याची परंपरा आहे. नवी संस्था काढायला नको. प्रत्येक मोठ्या स्पर्धेनंतर, सत्काराच्या हारांबरोबरच, शब्दांकनकाराची नेमणूक व्हावी एवढंच. पदक न मिळालेल्यांसाठीही. लेखकाला मानधन, खेळाडूला मानधन, आणि मजकुरावर सरकारी खात्याची कात्री नाही, ही अट कागदावर. नाहीतर क्रीडा खात्याला अडचणीचं ठरेल ते गळेल, आणि हा सगळा खटाटोप ज्यासाठी करायचा तेच हातातून जाईल.

चेन्नईकडे मी वारंवार बोट दाखवतो आहे ते तिथे सगळं आलबेल आहे म्हणून नव्हे. शांतींची गोष्ट त्याच राज्यातली आहे. पण त्या शहरात पुस्तक आणि मैदान यांच्यात आपल्यापेक्षा कमी अंतर आहे. नंदनम भागातलं वायएमसीए शारीरिक शिक्षण महाविद्यालय १९२० मध्ये हॅरी क्रो बक या अमेरिकन शिक्षकानं सुरू केलं. हेच बक १९२४ च्या पॅरिस ऑलिम्पिकला भारतीय संघाचे व्यवस्थापक म्हणून गेले होते. आणि गेली काही वर्षं जानेवारीतला चेन्नईचा मोठा पुस्तक मेळा भरतो तो याच महाविद्यालयाच्या मैदानावर. एरवी जिथे खेळाचे शिक्षक घडतात तिथे पोंगलच्या सुट्टीत लोक पिशव्या भरभरून पुस्तकं घेतात. तिकडे एगमोरमध्ये हॉकीचं स्टेडियम आणि कॉनेमरा सार्वजनिक ग्रंथालय एकाच भागात आहेत. हे कॉनेमरा म्हणजे देशातल्या चार ग्रंथभांडारांपैकी एक. १९५४ च्या कायद्यानुसार भारतात छापलेल्या प्रत्येक पुस्तकाची प्रत प्रकाशकानं तीस दिवसांच्या आत स्वखर्चानं तिथे पाठवायची असते, मग ते पुस्तक तमिळ असो की मराठी. म्हणजे कोल्हापुरात किंवा बीडमध्ये छापलेलं एखाद्या धावपटूचं मराठी आत्मकथन चेन्नईच्या त्या कपाटात जाऊन बसायला कायद्यानं जागा राखून ठेवलेली आहे. २०२४ च्या जानेवारीत याच शहरात उद्घाटन झालेल्या खेलो इंडिया युवा स्पर्धेत महाराष्ट्राच्या मुलामुलींनी १५८ पदकं घेऊन पहिला क्रमांक मिळवला. यजमान तमिळनाडू दुसरा. त्या मुलांपैकी कुणी उद्या आशियाई स्पर्धेला जाईल, कुणी ऑलिम्पिकला. बहुतेक जण दुखापतीनं, परीक्षेनं, पोटापाण्यानं थांबतील. तेही सांगण्यासारखंच आहे.

काम सुरू करायला मोठ्या योजनेची वाट पाहायचं कारण नाही. आष्टी तालुक्यातल्या मांडव्याचे अविनाश साबळे आहेत, ज्यांनी हांगझोच्या आशियाई स्पर्धेत तीन हजार मीटर स्टीपलचेसचं सुवर्ण घेतलं. रिओच्या अंतिम फेरीत धावलेल्या माणदेशच्या ललिता बाबर आहेत. ऐंशी ओलांडलेले पेटकर आहेत, आणि त्यांच्याकडे तर उद्याच जायला हवं. राधानगरी तालुक्यातल्या कांबळवाडीचे स्वप्नील कुसाळे आहेत. १ ऑगस्ट २०२४ ला त्यांनी ५० मीटर रायफलच्या तीन अवस्थांत ४५१.४ गुण घेऊन कांस्य मिळवलं. आधी गुडघ्यावर, मग पालथं पडून, शेवटी उभं राहून. एका अवस्थेतून दुसरीत जाताना रायफलची मापं बदलावी लागतात, श्वास पुन्हा बसवावा लागतो, घड्याळ चालू असतं. त्या मिनिटांत त्यांच्या मनात काय होतं, हात कुठे थांबला, कुणाचा आवाज आठवला, हे आज त्यांना लख्ख आठवत असेल. दहा वर्षांनी ते भाषणात सांगून सांगून गुळगुळीत झालेलं असेल. एक चांगला शब्दांकनकार, एक रेकॉर्डर आणि वीस-पंचवीस बैठका लागतील.

खाशाबा पदक घेऊन आल्यानंतर बत्तीस वर्षं जगले.